पिवळ्या झग्याची कॅसेट

“आईचं कैरोचं तिकीट काढतोय,” उस्ताज म्हणाला. “गुरुवारी जाईल. बहीण सांभाळेल. तिचं डोकं चालेना आता.”

उस्ताज म्हणजे मास्तर. हा इजिप्शियन, ओमानमधल्या सीबच्या शाळेत गणित शिकवायचा. मी तिथल्या सूकमध्ये, म्हणजे बाजारात, व्हिडिओ रिपेअर करायचो. नव्वदीची सुरुवात. दुकानात उकाडा असा, की सोल्डरिंग आयर्नचा प्लग लावावाच लागत नसे. आणि माझं अरबी इतकं पक्कं, की मला समजून घ्यायला निम्मा सूक हिंदी शिकला.

भानगड एका कॅसेटची होती. त्यांच्याकडची एक जुनी नटी, विनोदी कामं करायची आणि गायचीही. तिचा सिनेमा उस्ताजने काही वर्षांपूर्वी कैरोत टीव्हीवरून रेकॉर्ड केला होता. उस्ताजची आई तिची शिंपीण. ती म्हणायची, शेवटच्या गाण्यातला झगा हळदीसारखा पिवळा आहे, मी शिवलाय. पण सीबमध्ये कॅसेट लावली की सगळं ब्लॅक अँड व्हाइट. महिन्यापूर्वी उस्ताजने मला विचारलं होतं, मशीन बिघडलंय का? मी हातातला चहा खाली न ठेवता निकाल दिला होता, “मशीन फर्स्ट क्लास. सिनेमाच काळा-पांढरा.”

त्या एका वाक्यावर म्हातारी वेडी ठरली होती.

“तिकीट थांबव,” मी म्हणालो. “आधी आईला आण.”

संध्याकाळी ती काठी टेकत आली. “काळा-पांढरा म्हणणारा मोहंदिस तूच का?”

मोहंदिस म्हणजे इंजिनीअर. आमची डिग्री आयटीआय.

“मीच, हज्जा.” म्हाताऱ्या बाईला तिथे मानाने हज्जा म्हणतात.

मी कॅसेट लावली आणि म्हातारी नटीची गोष्ट सांगू लागली. नटी बापाच्या बँडमधून लग्नात गायची. थिएटरात पहिल्याच रात्री दुःखाचं गाणं म्हणताना पाय अडखळला आणि पब्लिक पोट धरून हसलं. मॅनेजर म्हणाला, उद्याही असंच पड. पुढे वीस वर्षं ती हिरॉइनची मैत्रीण झाली आणि रोज पडली. “एवढी जाड, की ती फ्रेममध्ये आली की हिरोने कॅन्टीनला जाऊन यावं.” म्हातारी माझ्यापेक्षा सरस थापा मारत होती. “हिरॉइन एकदाच झाली. म्हणून तो झगा. कॅमेरामन ओरडत होता, पिवळा फार चमकतो.”

मी थांबलो. काळ्या-पांढऱ्या सिनेमात पिवळ्यावरून कोण भांडेल? पडद्याला नाक लावलं. चित्रावर मुंग्यांसारखे बारीक ठिपके वळवळत होते.

इजिप्तचा टीव्ही तेव्हा सेकाम पद्धतीने रंग पाठवायचा, ओमानचा पाल पद्धतीने. आमच्या मशीनला सेकामचा रंग वाचताच येत नाही, ते नुसती सावली आणि असे ठिपके दाखवतं. हे मला आयटीआयच्या पहिल्या वर्षापासून माहीत होतं.

सगळ्या पद्धती वाचणारा मल्टिसिस्टीम टीव्ही-व्हिडिओचा सेट शोकेसमध्ये होता. अर्बाबने, म्हणजे मालकाने, त्याचं प्लास्टिकही काढू दिलं नव्हतं.

“प्लास्टिक निघालं की माल जुना, मोहंदिस.”

“एक गाणं, अर्बाब.”

“रंग नाही आला तर?”

“तर गुरुवारच्या विमानात मीही बसतो.”

“खलास,” म्हणत त्याने कात्री दिली. “तुझं तिकीट मी काढतो.”

कॅसेट लावली. आधी पट्टे, मग खरखर. उस्ताज दाराकडे बघत उभा होता. आणि झगा आला. हळदच. सगळं दुकान पिवळं झालं, शेजारचा खजूरवाला कुठे आग लागली म्हणून बघायला आला.

उस्ताज खाली बसला. आईचा हात धरला. मग म्हणाला, “माफ कर.”

म्हातारीचं लक्ष पडद्यावर होतं. “डावी बाही वाकडी बसलीय,” ती म्हणाली. “मी तेव्हाच सांगत होते, टाके उसवू द्या.”

तिकीट निघालं नाही. ती पुढे सहा वर्षं सीबमध्ये राहिली आणि अर्ध्या गल्लीचे कपडे शिवत राहिली. माझ्या शर्टाची कॉलर तिने तीनदा उसवली.

तेव्हापासून कोणीही काहीही विचारलं तरी मी पहिल्यांदा चहा खाली ठेवतो आणि म्हणतो, “बघून सांगतो.”