उंटाच्या तोंडची अहिराणी

मंडळींनो, टीव्हीवरच्या कार्टूनमधल्या त्या ऐटबाज उंटाला मी आपल्या ग्रुपवरच्या गोष्टींत सुरतेच्या पांडेसऱ्यातला, कापड रंगवणाऱ्या डाइंग मिलचा कामगार केलं, अहिराणी बोलायला लावलं. हसून पोट दुखलं, असं तुम्ही लिहिलंत.

आज सायबर कॅफेतून ते सगळं तुमच्या प्रतिक्रियांसकट छापून आणलं आणि मोठ्या हौसेनं वडिलांना वाचून दाखवलं. आप्पा डाइंग मिलमध्येच कामाला आहेत.

त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं. मग विचारलं, "हाई ते मन्हं बोलनं शे. त्या काबर हसनात?"

त्यांच्या बोलण्यावर तुम्ही का हसलात, हे सांगायचं सोडून मी कागद आवरायला लागले.

घरात आम्ही अहिराणीच बोलतो. जेवताना मात्र आप्पा पुस्तकी मराठीत एकेक शब्द जुळवत म्हणाले, "मला जरा पाणी देतेस का?"

उंटाची बोली मी आजच बदलते. पण आप्पांची परत कशी आणू?