सोफ्याला एरंडेल पाजणारे व्याही

उभ्या कोल्हापूर जिल्ह्यात बसण्याच्या बाबतीत माझ्या व्याह्यांइतका चिकित्सक माणूस सापडणार नाही, आणि सापडलाच तर त्याला मी घरात घेणार नाही. एक पुरे झाला. हा गृहस्थ आजऱ्याचा, काजूच्या कारखान्याचा मालक. दिवसभर बसून काजू फोडणाऱ्या बायकांच्या पाठी का धरतात, पायांना मुंग्या का येतात, हे बघण्यात आयुष्य गेल्यामुळे असेल, पण कुठंही गेले की बाकीचे लोक आधी माणसांना भेटतात, हे आधी खुर्चीला भेटतात. तिला दाबून बघतात, हलवून बघतात आणि न विचारता मत देतात. बँकेतल्या साहेबांनी समोरची खुर्ची दाखवली, तर हे उभेच. "सायेब, ही खुर्ची मानसाला बसवाय न्हाय, लौकर उठवाय ठेवलीया," असं तोंडावर सांगून मोकळे. लग्नात मखमली खुर्च्यांच्या ओळी सोडून ते आचाऱ्याजवळ तांदळाच्या पोत्यावर बसलेले सापडतात, आणि थोड्या वेळानं मांडवातली निम्मी वडीलधारी मंडळी त्या पोत्यांभोवती जमलेली असते. माझ्या मुलीला बघायला आले तेव्हाही वर घरात न येता खाली माझ्या स्पेअर पार्टच्या दुकानात टायरच्या चळतीवर बसले. तिथंच चहा, तिथंच बोलणी, तिथंच सुपारी फुटली.

आता माझं ऐका. मी शून्यातून वर आलेला माणूस. लहानपणी आमच्याकडे पाहुणा आला की शेजारच्या घरातून खुर्ची मागून आणायची, आणि तो गेला की पुसून परत करायची. तेव्हा बंगला बांधल्यावर पहिलं काय घेतलं असेल, तर खऱ्या कातड्याचा सोफा. भाव ऐकून मी दुकानाच्या दारापर्यंत गेलो, परत आलो, पुन्हा दारापर्यंत गेलो. शेवटी दुकानदारानं उठून दारच लावून घेतलं आणि दोन स्टुलं फुकट दिली. काळाकुळकुळीत सोफा भिंतीला लावून मांडला, वर पांढरे झगझगीत दिवे सोडले. सगळे म्हणाले, वा! पण बसेना कोणी. येणारा काठावर टेकायचा, उन्हाळ्यात पाठ चिकटली म्हणून आणि थंडीत खालून गार लागलं म्हणून उठायचा आणि गप्पा मारायला स्वयंपाकघरात पाटावर जाऊन बसायचा.

लग्नानंतर व्याही पहिल्यांदा आले. सोफ्याच्या काठावर टेकले, अर्धा कप चहा घेतला, "येतो" म्हणाले आणि गेले. आमच्याकडे टेकणं वेगळं आणि बसणं वेगळं. मुलाचा बाप सुनेच्या माहेरी ऐसपैस बसला, तर सगळं सुरळीत. नुसता टेकून गेला, तर काहीतरी बिनसलं. बायकोचा चेहरा पडला. "अवं, आपल्या पोरीचं काय चुकलं न्हाय न्हवं?" त्या रात्री मला घास गेला नाही. सकाळी लेकीला फोन लावला. ती आधी हसली आणि मग म्हणाली, "आबा, मामंजी म्हणत्यात, मानसं सोन्यासारखी हाईत, पर सोफा चावतोय."

चावतोय! भीती गेली आणि तिच्या जागी संताप आला. पुढच्या खेपेला व्याही येणार होते, त्यांना त्यावर बसवल्याशिवाय सोडायचं नाही, असं ठरवूनच मी मटण आणायला गेलो होतो. परत येतो तर काय, हे हॉलमध्ये गुडघ्यावर बसलेले, बाह्या वर सरकवलेल्या, हातात एरंडेलाची बाटली, आणि माझ्या सोफ्याला मालीश चाललेलं. निम्मा सोफा पिऊन झाला होता. सोफा भिंतीपासून ओढून फुकटच्या दोन स्टुलांसमोर मांडलेला आणि पांढरे दिवे बंद.

"व्याही! सोफा हाय त्यो, पायताण न्हवं!" मी पिशवीसकट ओरडलो.

"कातडं त्ये कातडंच की," ते शांतपणे म्हणाले. "नवी चप्पल चावली की तेल पाजता न्हवं? मग ह्येनं काय पाप केलंय?"

"भरपाई घेतल्याबिगर सोडत न्हाय तुमास्नी!"

"घ्या की. आदी बसा तरी."

बसलो, आणि पांढऱ्या लेंग्यावर तेलाचा जो नकाशा उमटला तो कुठल्याही धोब्याला पुसता आला नाही. मग व्याह्यांनी पिशवीतून जाडजूड घोंगडी काढली, तेलावर अंथरली आणि तिच्यावर मांडी ठोकली. जेवले तिथंच, घोरले तिथंच, आणि दिवेलागणीला कोपऱ्यातला पिवळा दिवा लावून पुन्हा बसले तिथंच. शेजारीपाजारी डोकावले ते आत आले. समोरासमोर बसल्यामुळे टीव्हीऐवजी एकमेकांची तोंडं दिसायला लागली. बायकोनं पाट सोडून पहिल्यांदा सोफ्यावर पाय वर घेतले आणि लेकीच्या सासऱ्यांनाच दुसऱ्यांदा चहा विचारला. तेलाचा वास महिनोन्महिने गेला नाही. भरपाईचा विषय मी आजही सोडलेला नाही.

अलीकडे व्याह्यांचे गुडघे गेले. डॉक्टरांनी प्रवास बंद केलाय. आम्ही आजऱ्याला जाऊन येतो, पण तिथं ते माझ्या घरी देत तसं मत देत नाहीत, स्वतःच्याच खाटेवर पडून असतात. इकडे खिडकीजवळच्या जागेला त्यांच्या बसण्यानं खळगा पडलाय. कोणी नकळत तिथं बसलं की मी खेकसतो, "तिकडं सरका की, पावणं!" लोकांना वाटतं, मी सोफा जपतो. फोनवर व्याही न चुकता विचारतात, "चावत न्हाय न्हवं आता?" मी म्हणतो, "येऊन बगा. भरपाई पन घिऊन या."

परवा घोंगडी उन्हात टाकली तेव्हा दिसलं, खळग्याजवळचं कातडं कोरडं पडून कडक झालंय. मी एरंडेलाची बाटली काढली, बाह्या सरकवल्या आणि गुडघ्यावर बसलो. बायको दारात येऊन बघत राहिली.

"आता तुमी बी?"

"व्याही येनार हाईत," मी म्हणालो.

तिनं 'कधी' असं विचारलं नाही. नुसती घोंगडी झटकून आणली आणि दुसरं टोक माझ्या हातात दिलं.