डबल बेल

आमच्या मजल्यावरच्या कंडक्टरबाई बसमधून रिटायर झाल्या, त्यांचा आवाज मात्र झाला नाही. जिन्यात चार माणसं गप्पा मारत उभी दिसली की ओरडायच्या, "पुढे सरका, वाट अडवू नका!" आणि आम्ही निमूट सरकायचो. नवरा कधीच गेलेला, मूलबाळ नाही. हुकूम सोडायला आम्हीच होतो.

समोरच्या घरात बाळ आलं आणि आमची सुटका झाली. बाळाची आई चष्म्याच्या दुकानात कामाला. तिची रजा संपली तेव्हा बाईंनीच दार वाजवलं. "द्या पोरीला इकडे. मला तरी दुसरं काय काम आहे?"

पोरगी बाईंकडेच रांगली, तिथेच चालायला शिकली. शिकवायची रीत अशी, की बाई तोंडाने "टिंग" म्हणाल्या की थांबायचं, "टिंग टिंग" म्हणाल्या की सुटायचं. अख्खा व्हरांडा तिचा रूट. एकदा मी मुद्दाम वाटेत पाय पसरून बसलो, तर ते वीतभर पिल्लू माझ्यावर खेकसलं, "तलका!"

सरकलो. करतो काय?

बाप हिशेबनीस, माणूस सरळ. त्याला उपकाराचं ओझं सोसेना. "काकू, पगार घ्यायलाच पाहिजे तुम्ही." बाई आधी रागावल्या, मग घेऊ लागल्या. मी म्हटलं, "पुन्हा नोकरी? आता युनिफॉर्म शिवा!"

"शिवते की. पण तुम्हाला फुकट पास नाही हं!"

खूश होत्या, खोटं कशाला बोलू?

पण पगारामागून सूचना आल्या. झोपेची वेळ पाळा. अनवाणी फिरवू नका. पूर्वी आई पाहुण्यांना सांगायची, "समोरच्या काकू बघतात हिला." आता सांगू लागली, "बाई लावलीय." बाईंच्या दारापर्यंत ते ऐकू जायचं.

मग चष्म्याच्या दुकानाने आईचा पगार कापला. बाप बाईंच्या दारात येऊन उभा राहिला. "काकू, आता परवडत नाही हो. पाळणाघर स्वस्त पडतंय."

"मग पगार बंद करा. पोरगी कशाला बंद करता? आधी सांभाळतच होते ना मी?"

"आता फुकट कसं घ्यायचं, काकू? बरं दिसत नाही ते."

मी माझ्या दारातच होतो, नेहमीसारखा. पण एकही विनोद सुचला नाही.

पाळणाघराच्या पहिल्या सकाळी पोरगी बाईंच्या बंद दाराची जाळी धरून उभी राहिली. रडली नाही, नुसती थांबली. बाप विनवत होता, "सोड ना राणी, उशीर होतोय." बोटं सुटेनात. दाराखालच्या फटीत बाईंच्या पायांची सावली दिसत होती.

बऱ्याच वेळाने आतून आवाज आला. अख्खी बस हलवणारा तो आवाज, पण मला नीट ऐकूसुद्धा येईना.

"टिंग टिंग."

पोरीने जाळी सोडली, बापाचं बोट धरलं आणि जिन्याकडे निघाली. वाटेत मी उभा होतो.

"तलका," ती म्हणाली.

मी सरकलो.