दुसरं ताट

आमच्या सिनेमात लिहिणारी, कॅमेरा धरणारी, आवाज टिपणारी, कपड्यांना इस्त्री करणारी आणि मध्ये येणाऱ्या शेळ्या हाकलणारी, सगळी मीच. याचं लोकांना कौतुक वाटतं. मला वैताग येतो. माणसं परवडत नाहीत, एवढीच त्यातली कला.

अमळनेरजवळच्या एका खेड्यात आई-मुलाच्या जेवणाचा प्रसंग घेत होते. आईचं काम करायला गावातल्याच एक अक्का तयार झाल्या. खोटं जेवण वाढणार नाही म्हणाल्या. वांग्याचं भरीत आणि कळण्याच्या भाकरी त्यांनी स्वतःच केल्या. मुलाला वाढून झालं आणि अक्कांनी दुसरं ताट घेतलं. हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. ते कॅमेऱ्यासमोर सरकवत त्या म्हणाल्या, “तू बी जेवी ले बाई, सकायपाईन उपाशी शेस.”

मी चिडले. ऊन उतरलं होतं, शॉट पुन्हा घेता येईना. शेवटी अक्कांचा आवाज काढून टाकला आणि शॉट तसाच ठेवला.

पुढे धुळ्याला, देवपुरातल्या एका सभागृहात सिनेमा दाखवला. ते दुसरं ताट आलं आणि लोक डोळे पुसू लागले. कथेत थोरला मुलगा घर सोडून गेलेला. ताट त्याचंच, असं सगळ्यांनी धरलं. दिग्दर्शिकेची नजर फार बारीक आहे, असं एक प्राध्यापक म्हणाले.

श्रेयनामावलीत माझं नाव सहा ठिकाणी आहे. त्या दृश्यात माझं काम एवढंच, की मी उपाशी होते.