साच्याची खरवड

रविवारी लेकीच्या हट्टापायी घरीच वॉफल केले. तिचं नाश्त्याचं गोड, रंगीत सिरियल चुरून पिठात घातलं. साच्याच्या कडांना साखर करपून चिकटली, ती मी लाकडी उलथन्याने काढून कचऱ्यात टाकली. आईला मधुमेह, म्हणून तिच्यापुढे उपम्याची बशी ठेवली होती.

"खरवड टाकलीस?" आईने हळूच विचारलं.

लहानपणी बासुंदीच्या पातेल्याची खरवड ती माझ्यासाठी वाटीत राखून ठेवायची. आता तिची काळजी घेणं म्हणजे तिला नाही म्हणणं, असंच माझं होऊन बसलंय.

"आई, साखर आहे त्यात!" लेकीला दटावते त्याच आवाजात मी म्हणाले.

"मला नको गं," ती म्हणाली. "तुला आवडते ना, म्हणून विचारलं."