सोलांजची कात्री

पॅरिसशेजारच्या बियांकूरच्या सिनेमा-स्टुडिओत संकलक सोलांज वर्दियेच्या कात्रीला सगळे लेखक टरकून असायचे. पानभर संवाद लिहावा, नटानं जीव ओतून म्हणावा, आणि या बाईनं संकलनाच्या टेबलावर तो कच्चकन उडवावा! "लेखक रडला तरी चालेल, प्रेक्षक खोकता कामा नये," हे तिचं ब्रीद. प्रदर्शनाआधीच्या चाचणी-खेळाला कुणी खोकलं की कात्री चाललीच म्हणून समजा.

उमेदीची वर्षं दुसऱ्यांचं छाटण्यात गेल्यावर बाईंना स्वतःच लिहायची हुक्की आली. विषय घरचाच: तिचे पापा, मोंत्रोयचे पाववाले एमिल, बायको गेल्यावर भट्टीपाशी एकटे उरलेले; पहिले काही महिने सोलांज त्यांच्याच घरी राहिली होती. म्हाताऱ्यानं रविवारी जेवताना बायकोविषयीचं लांबलचक भाषण लेकीला ऐकवलं, तिनंही ते जसंच्या तसं घेतलं. मग काय विचारता! पापांनी गल्लीभर दवंडी पिटली, "माझं भाषण आहे सिनेमात, रुमाल घेऊन या!"

चाचणी-खेळाला नेमकं त्याच भाषणात कुणीतरी खोकलं. मग शेजारचा. मग अख्खी रांग.

"राहू दे गं," दिग्दर्शक आर्मां केर्लो म्हणाला. "म्हातारा गल्ली घेऊन येणार. बापाला तोंडघशी पाडतेस?"

"दुसऱ्याच्या बापाचं असतं तर ठेवलं असतं का मी?"

"धन्य आहेस, बाई!"

तिनं कापलं. डोळे भरून आले, स्वतःला शिव्या घातल्या, पण कापलं. भाषणाआधीचा छोटासा तुकडा तेवढा उरला: म्हातारा सकाळी सवयीनं कॉफीचे दोन वाडगे मांडतो, थबकतो, आणि एक परत फळीवर ठेवतो.

पहिल्या जाहीर खेळाच्या दिवशी पापा ठेवणीतला कोट घालून, गल्लीसकट हजर. भाषणाची जागा आली आणि गेली. थिएटरात एकजणही खोकला नाही. सोलांजची मात्र बापाकडे बघायची छाती होईना.

बाहेर पडल्यावर पापांनी तिला बाजूला ओढलं. "माझं भाषण कुठं गेलं गं?"

"कापलं, पापा."

"हं." म्हातारा हातातली टोपी चाचपत राहिला. "आणि तो वाडगा? ते तर मी तुला कधी सांगितलंच नव्हतं."

"रोज बघायचे मी, पापा. दाराआडून."