तीन मैलांवरचे बाबा

आमच्या थोरल्या भाऊजींइतका दिशेचा तिटकारा असलेला माणूस उभ्या वर्धा जिल्ह्यात झाला नसेल. सेलूला ते आमच्याच मोहल्ल्यात राहत, शाळेत गणित शिकवत आणि सगळ्या जगाला केवल मूल्याच्या, म्हणजे दिशा सोडून नुसतं अंतर सांगणाऱ्या, दोन उभ्या रेघांत कोंडत. वाटसरूने गाव कुठे म्हणून विचारलं, की "दोन मैल" एवढं सांगून चालू लागत. कोणीकडे, ते त्याचं त्यानं पाहावं. ताईला पाहायला ते ठरल्याच्या आदल्याच दिवशी येऊन थडकले. घरात सारवण चाललेलं, बाबा भडकले. तर म्हणतात कसे, "एक दिवस आधी काय नं एक दिवस उशिरा काय, चूक एकाच दिवसाची." ताईला हसू आवरेना, आणि लग्न जमलं.

मॅट्रिकला मी एकदा आपटलो होतो, म्हणून भाऊजींनी मला शिकवायला घेतलं. केवल मूल्य तीन, तर संख्या कोणती? मी 'तीन' लिहून मोकळा. "अर्धंच उत्तर काऊन लिहिलं? शून्यापासून तीन घरं दूर. उण्या अंगाले बी तीन हायेच ना." मी मान डोलवी, समजत काही नसे.

एकदा बाबा पायीच केळझरच्या गणपतीला म्हणून निघाले, ते जेवणवेळ टळली तरी परतेनात. तेवढ्यात किराणावाला एका गाडीवानाचा निरोप घेऊन आला. "तुमचे बाबा गावापासून तीन मैलावर लिंबाखाली बसून हायेत. पाय मुरगळला त्याइचा." गाडीवान केव्हाच निघून गेलेला. ऊन मी म्हणत होतं. केळझरच्या रस्त्याने तीन मैल सायकल हाणली. लिंब होता, बाबा नव्हते. रडकुंडीला येऊन परतलो, तर भाऊजी वेशीजवळच उभे.

"तिकडं नाई ना? मंग उलट्या अंगाले, वर्ध्याकडं चाल. तीनच मैल म्हणलं न त्यानं?"

वर्ध्याच्या रस्त्यावर तीन मैलांवरच्या लिंबाखाली बाबा निवांत तंबाखू मळत होते. "जुना सोबती भेटला, त्याच्या गाडीत वर्ध्याले गेलो," ते म्हणाले. "पायी परत येतानी पाय मुरगळला, जवाईबापू." माझ्या जिवात जीव आला आणि मी तिथेच बसून रडलो. भाऊजींनी त्यांना सायकलवर बसवलं. "आता समजलं, तिनाची उत्तरं दोन काऊन?"

समजलं होतं. त्या साली मॅट्रिकही सुटलं.

भाऊजींना जाऊन आता बरीच वर्षं झाली. संध्याकाळी ताई ओट्यावर बसते आणि रस्त्यावर दोन्हीकडे पाहत राहते. मीही तिच्याजवळ जाऊन बसतो. आम्हा दोघांनाही त्यांची फार आठवण येते.